रात्रीची दुर्बीण : पाहण्यासाठी, दारे धरण्यासाठी नव्हे



गेल्या गळीत हंगामाच्या तोंडावर एका गटकार्यालयात बैठक होती. ऊस नोंदी, बेणेबदल, खोडव्यातील पाचट असे नेहमीचे विषय संपले, चहा आला, तेव्हा मागच्या बाकावरचे एक सभासद उठून म्हणाले, "साहेब, अंधारात दिसणारी दुर्बीण मिळते म्हणत्यात, मिलिटरीवाल्यांकडं असते तशी. कारखान्यामार्फत एक मिळवून द्या की. बॅटरी न लावता दारं धरता येतील. बॅटरीच्या उजेडावर वाघ येतो म्हणत्यात."

बैठकीत थोडा हशा झाला. पण त्यांच्या आजूबाजूला बसलेले कोणी हसले नाही. त्यांच्या शिवारात बिबट्याचा वावर आहे. पंपाची वीज रात्रपाळीची आली की उसाला पाणी द्यायला रात्रीच जावे लागते. बायकोने दारात उभे राहून वाट पाहायची आणि गड्याने काळजाचे पाणी करीत सरीतून फिरायचे, हे त्या वस्त्यांवर रोजचे आहे. आम्ही त्यांना "माहिती घेऊन सांगतो" एवढेच उत्तर दिले.

ती माहिती घेण्यात आमचे काही महिने गेले. यंत्र हाताळून पाहिले, रात्री जागून काढल्या, एकदा पायही मुरगळून घेतला. त्यातून जे समजले ते सर्व सभासदांच्या उपयोगी पडेल म्हणून येथे देत आहोत.

उसातला शेजारी

आधी हे जनावर आपल्या उसात का आले ते पाहू. धरणे झाली, कालवे आले, बाजरीच्या रानात ऊस उभा राहिला. आडसाली ऊस जवळजवळ दीड वर्ष रानात असतो. पूर्वहंगामी, सुरू आणि खोडवा यांच्या तोडी पुढेमागे होतात. त्यामुळे बारा महिने कोठे ना कोठे दाट आडोसा असतोच. आत गारवा, शेजारी पाणी आणि वस्तीवर कुत्री, मांजरे, शेळ्या. बिबट्याला याहून अधिक काय हवे? माद्या उसातच पिले घालतात. त्या पिलांना जंगल ठाऊकच नसते. ऊस हेच त्यांचे घर.

अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील अकोले तालुक्यात डॉ. विद्या अत्रेय व त्यांच्या सहकाऱ्यांनी आपोआप फोटो काढणारे कॅमेरे पायवाटांवर लावून अभ्यास केला. तो २०१३ साली प्रसिद्ध झाला. चौरस किलोमीटरला तीनशेहून अधिक माणसे राहतात अशा त्या बागायती मुलखात शंभर चौरस किलोमीटरमागे सुमारे पाच प्रौढ बिबटे आणि जवळपास तितकीच तरसे निघाली. बिबट्यांची विष्ठा तपासली तेव्हा खाद्यातील वजनाने ८७ टक्के भाग पाळीव जनावरांचा आढळला. त्यात सर्वांत मोठा वाटा कुत्र्यांचा, ३९ टक्के. शेळ्या गावात भरपूर असूनही त्यांचा वाटा ११ टक्केच होता. म्हणजे बिबट्या रोज रात्री आपल्या वस्तीजवळून जातो, तो मुख्यतः कुत्र्यासाठी. माणूस हे त्याचे खाद्य नव्हे.

मग पकडून लांब सोडून का देत नाहीत, असा प्रश्न प्रत्येक बैठकीत येतो. जुन्नर वनविभागात तो उपाय मोठ्या प्रमाणावर करून झाला आहे. १९९३ ते २००१ या काळात तेथे माणसांवरील हल्ले वर्षाला सरासरी चार होते. पिंजऱ्यात धरून दूरच्या जंगलात सोडण्याची मोहीम सुरू झाल्यावर ते कित्येक पटींनी वाढले. परक्या मुलखात सोडलेले जनावर बिथरते, घराकडे परतू पाहते आणि मोकळ्या झालेल्या जागी दुसरे येऊन राहते.

या जनावराची चाल किती गुप्त असते याचे एकच उदाहरण देतो. २००९ साली पारनेर तालुक्यात टाकळी ढोकेश्वर येथे एक वयस्क बिबट्या विहिरीत पडला. त्याला वर काढून, गळ्यात ठावठिकाणा कळविणारा पट्टा बांधून माळशेज घाटात सोडले. अभ्यासकांनी त्याचे नाव 'आजोबा' ठेवले. हे आजोबा घाट उतरून, गावे, रस्ते, रेल्वे ओलांडीत सुमारे १२० किलोमीटर चालून थेट मुंबईच्या बाजूला पोचले. वाटेत त्यांनी कोणाला इजा केली नाही. २०११ मध्ये वाहनाच्या धडकेने त्यांचा शेवट झाला. एवढा मोठा प्राणी एवढ्या दाट वस्तीतून जातो आणि कोणाला दिसत नाही, कारण तो रात्री चालतो आणि आपण रात्री आंधळे असतो. ही दुर्बीण त्या आंधळेपणावरचा उपाय आहे. आता तो उपाय किती पुरा आणि किती अपुरा ते पाहू.

यंत्र चालते कसे?

आपल्या डोळ्यालाही अंधाराची सवय होते, पण त्याला वीस ते तीस मिनिटे लागतात आणि बॅटरीचा एक झोत डोळ्यावर आला की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात. बिबट्याच्या डोळ्यात पडद्यामागे आरशासारखा थर असतो. आत आलेला उजेड त्यावरून परत फिरून दुसऱ्यांदा उपयोगी पडतो. म्हणूनच बॅटरीच्या झोतात त्याचे डोळे चकाकतात. आपल्याकडे तो आरसा नाही, सबब यंत्र लागते. बाजारात अशी यंत्रे तीन जातींची आहेत. नाव ऐकून पैसे देऊ नयेत, जात विचारावी.

पहिली जात उजेड वाढविणाऱ्या नळीची. चांदण्यांचा अंधुक उजेड भिंगातून एका खास पडद्यावर पडतो, तेथून इलेक्ट्रॉन निघतात, लाखो बारीक छिद्रे असलेल्या चकतीतून जाताना एकाचे हजारो होतात आणि पुढच्या पडद्यावर आदळून चित्र उमटते. हे चित्र बहुधा हिरवे असते, कारण हिरव्या रंगाच्या छटा आपल्या डोळ्याला सर्वांत चांगल्या कळतात. अमेरिकन सैन्याने या जातीची सुरुवातीची यंत्रे १९६०-७० च्या दशकात व्हिएतनामच्या युद्धात वापरली. अशा नळ्या आपल्या महाराष्ट्रातही बनतात. भारत इलेक्ट्रॉनिक्सच्या बेल ऑप्ट्रॉनिक डिव्हायसेस या कंपनीची स्थापना त्यासाठीच १९९० साली पुण्यात झाली. या यंत्राचे काम मोटारीसारखे समजावे. पाटात थोडे पाणी असेल तर मोटार ते जोराने फेकील, पण पाट कोरडा असेल तर काय फेकणार? बंद गोदामाच्या काळोखात ही नळी एकटी काही दाखवू शकत नाही. शिवाय प्रखर उजेडात उघडल्यास ती बिघडते. दिवसा झाकण काढू नये.

दुसरी जात डिजिटल. काही हजार रुपयांत मिळणारी हातातली यंत्रे बहुतेक याच जातीची असतात. यात मोबाईलच्या कॅमेऱ्यासारखी चकती असते आणि यंत्रालाच एक अवरक्त दिवा जोडलेला असतो. अवरक्त म्हणजे तांबड्याच्या पलीकडचा, आपल्याला न दिसणारा उजेड. घरी करून पाहा : टीव्हीच्या रिमोटचे पुढचे टोक मोबाईलच्या कॅमेऱ्यासमोर धरून बटण दाबा. डोळ्याला काही दिसत नाही, पण बहुतेक मोबाईलवर तेथे दिवा लुकलुकताना दिसेल. तोच हा उजेड. चित्र काळे-पांढरे दिसते. दिव्यातही दोन प्रकार आहेत. ८५० नॅनोमीटरच्या दिव्याचा पल्ला जास्त, पण समोरून पाहिल्यास बारीक लाल ठिपका दिसतो आणि तो जनावरालाही जाणवू शकतो. ९४० चा दिवा अगदी गुप्त, पण पल्ला कमी.

तिसरी जात उष्णता पाहणारी, म्हणजे थर्मल. हिला उजेड लागतच नाही. जनावराच्या अंगातून बाहेर पडणारी उष्णता ती टिपते. गार रानात उबदार जनावर निखाऱ्यासारखे उठून दिसते. अलीकडच्या वर्षांत वनखाते बिबट्याच्या शोधासाठी जी ड्रोन उडविते त्यांवर हेच कॅमेरे असतात. किंमत मात्र डिजिटलच्या कित्येक पट. आणि दिवसभर तापलेले दगड, नुकतीच बंद केलेली मोटार हीही उजळ दिसतात, म्हणून हिचा खरा उपयोग पहाटे, रान निवल्यावर.

आता सर्वांत महत्त्वाची गोष्ट : तिन्हींपैकी एकही यंत्र उसाच्या आतले दाखवीत नाही. पाने आडवी आली की उजेडही अडतो आणि उष्णताही अडते. डिजिटल यंत्राचा दिवा तर जवळच्या पानांवर पडून परत फिरतो आणि समोर पांढरा पडदा उभा राहतो. वाढलेल्या उसात दोन सऱ्यांपलीकडे काय आहे हे लाख रुपयांचे यंत्रही सांगणार नाही.

नेऱ्यातील दोन रात्री

कृषी पदविका घेताना आम्हांला असली यंत्रे कोणी शिकविली नव्हती. तेव्हा विकत घेण्याची शिफारस करण्याआधी स्वतः वापरून पाहावे असे ठरविले. आमची सासुरवाडी पनवेल तालुक्यात नेरे येथे. पनवेलहून माथेरानच्या डोंगराकडे निघाले की गाढी नदीच्या खोऱ्यात हे गाव लागते. कुष्ठरुग्णांच्या सेवेसाठी ओळखले जाणारे शांतिवन येथलेच. पुढे गाढेश्वरचे धरण आणि त्यामागे माथेरान-प्रबळगडाचे डोंगर उभे. मेहुण्यांच्या मुलाला पक्षी पाहण्याचा नाद आहे, त्याच्याकडे एका डोळ्याने पाहावयाचे डिजिटल यंत्र होते. नेऱ्यात ऊस नाही, भाताची खाचरे आहेत. भात निघाल्यावर रान डोंगराच्या पायथ्यापर्यंत मोकळे होते. यंत्र शिकायला अशीच मोकळी जागा बरी. जवळच कर्नाळ्याचे अभयारण्य आहे, पण अभयारण्यात रात्री जाता येत नाही आणि जाऊही नये. आम्ही मेहुण्यांच्या खळ्याजवळ, पेंढ्याच्या उडवीला पाठ लावून बसलो.

पहिली रात्र अमावास्येच्या जवळची होती. सोबत मेहुणे, त्यांचा मुलगा आणि डोंगराकडच्या वाडीवरचे एक ठाकर बाबा. पहिला तासभर आम्हांला बांध, गवत आणि पुन्हा बांध एवढेच दिसले. मग एक ससा दिसला, कान उभे करून बसलेला. रस्त्याच्या धुळीत बसलेला रातवा दिसला. त्याचे डोळे विस्तवासारखे चमकत होते. आणि मग पलीकडच्या बांधावर दोन डोळे लागले. मोठे, स्थिर, आमच्याकडे रोखलेले. आम्ही मेहुण्यांच्या मांडीवर हात दाबून पुटपुटलो, "बिबट्या!"

यंत्र हातोहात फिरले. ठाकर बाबांनी ते डोळ्याला लावले, दोन क्षण पाहिले आणि परत दिले. "साहेब, बिबट्याचं डोकं येवढं लहान असतं का? बांधाच्या वर पाठ तरी दिसते का त्याची? उदमांजर हाय ते." खरेच, थोड्या वेळाने ते जनावर लांब शेपूट ओढीत बांधावरून गेले आणि झाडावर चढले.

आम्हांला लाज वाटली, पण मोठा धडा मिळाला. एका डोळ्याने, सपाट चित्रात पाहताना अंतराचा अंदाज येत नाही, म्हणून जवळचे मांजर लांबच्या बिबट्याएवढे वाटते. यंत्राच्या खोक्यावर दोनशे-तीनशे मीटरचा पल्ला छापलेला असतो. त्या अंतरावर "काहीतरी आहे" एवढे दिसते. ते काय आहे हे ओळखायला आमच्या यंत्राला पन्नास ते शंभर मीटरच्या आतच यावे लागत होते. दिसणे वेगळे, ओळखणे वेगळे. गावात अफवा उठतात त्या या दोहोंच्या मधल्या जागेत.

दुसरी फेरी दोन-तीन आठवड्यांनी, चांदण्यात झाली. त्या रात्री अवरक्त दिवा न लावताही बरेच दिसत होते. डोंगराच्या बाजूने रानडुकरांचा कळप उतरला आणि वालाच्या शेतात शिरला. कोणत्या फटीतून शिरला तेही दिसले. मेहुण्यांनी दुसऱ्या दिवशी तेवढीच फट काट्यांनी बंद केली. वर्षभर अख्ख्या शेताभोवती राखण करण्यापेक्षा हे बरे.

पण त्याच आनंदात आम्ही चूक केली. तासभर उजव्या डोळ्याला यंत्र लावून बसलो होतो. डुकरे गेली, तसे उठलो आणि घराकडे चालू लागलो. उजव्या डोळ्यापुढे नुसता काळा गोळा होता, आणि डावा घट्ट मिटून ठेवल्याने चाचपडत होता. तिसऱ्या पावलाला बांध संपला आणि आम्ही खाचरात. घोटा मुरगळला. मेहुणे बॅटरी घेऊन धावत आले आणि म्हणाले, "दाजी, लांबचं समदं बघितलंत, पायाखालचं राहिलं."

त्या वेळी आम्हीही हसलो. पण परतीच्या प्रवासात मनात एकच विचार होता. खाचर दीड हात खोल होते म्हणून बरे. आपल्या शिवारात कठडे नसलेल्या विहिरी आहेत. ज्या विहिरीत बिबट्यासारखे रात्री पाहणारे जनावर पडते, तिच्या काठाने यंत्राला डोळा लावून चालणाऱ्या माणसाचे काय होईल?

आपल्या रानात काय दिसले?

मेहुण्यांच्या मुलाकडून यंत्र मागून आणून आम्ही ते आपल्या कार्यक्षेत्रात वापरले. ज्यांनी प्रश्न विचारला त्यांच्याच वस्तीजवळच्या एका गच्चीवर, हिवाळ्यात आठ रात्री बसलो. समोर तोड झालेले रान, त्यापलीकडे उभा ऊस आणि मधून चारीचा बांध. तीन रात्री धुक्याने वाया गेल्या. धुक्यात दिव्याचा उजेड विखुरतो आणि चित्र दुधासारखे होते. बाकीच्या रात्री कोल्हे दिसले, रानमांजर दिसले, वस्तीची कुत्री तर रोजच. तोडलेल्या रानात पाचटावर उंदीर पळत होते आणि एक गव्हाणी घुबड खांबावरून उतरून त्यांना उचलत होते. घुबडाला अशुभ म्हणून दगड मारणाऱ्यांनी हे एकदा पाहावे. उंदराचा बंदोबस्त ते फुकट करीत होते.

सहाव्या रात्री, अकराच्या सुमारास, तो आला. या वेळी ओळखण्यात शंका नव्हती. चारीच्या बांधावरून, खांदे वर-खाली करीत, लांब शेपटीचे टोक उचललेले, सावकाश चालत आला आणि उसाच्या कडेला मांजरासारखा बसला. आम्ही श्वास रोखला. पाचएक मिनिटे तो तसाच बसून होता.

तेवढ्यात वस्तीच्या बाजूने बॅटरीचा उजेड हलू लागला. तेच सभासद बारी बदलायला निघाले होते. दुर्बीण मिळाली नसल्याने हातात बॅटरी होती, आणि भीती घालवायला खिशातल्या मोबाईलवर भजन मोठ्याने लावले होते. आम्ही ओरडून त्यांना थांबविणार, एवढ्यात यंत्रात पाहतो तो बिबट्याने मान वळविली. माणूस अजून दोनशे पावले लांब होता. भजनाचा आवाज त्याच्यापर्यंत पोचला होता. तो उठला, घाई न करता उसात शिरला आणि दिसेनासा झाला. सभासद आले, त्याच जागेवरून गेले, दार फोडले, दुसरे बांधले आणि परतले. त्यांना काहीच कळले नाही.

सकाळी त्यांना सांगितले तेव्हा ते बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "म्हंजे त्यानं मला ऐकलं म्हणून मी वाचलो?" आम्ही म्हणालो, "वाचलो म्हणू नका, तो तुमच्यासाठी आलाच नव्हता. पण तुम्ही बिनआवाजाचे, बिनउजेडाचे गेला असता तर तुमची नि त्याची गाठ दोन हातांवर पडली असती, आणि दचकलेले जनावर काय करील ते सांगता येत नाही."

बैठकीतल्या प्रश्नाचे उत्तर आम्हांला त्या रात्री मिळाले. जनावर पाहायचे असेल तर माणसाने गुप्त, गप्प आणि एका जागी राहावे लागते. दारे धरायची असतील तर माणसाने दिसावे, ऐकू यावे आणि सावकाश, उघडपणे चालावे लागते. ही दुर्बीण पहिल्या कामाची आहे. दुसऱ्या कामाला ती नुसती निरुपयोगी नाही, घातक आहे, कारण ती आपल्याला बॅटरी विझवायला लावते. बॅटरीवर वाघ येतो हा समज खोटा आहे. आम्ही डोळ्यांनी पाहिले ते याच्या उलट.

पाहायचे असेल तर

अनेक सभासदांची मुले शिकलेली आहेत, छंद म्हणून किंवा पिकाच्या राखणीसाठी यंत्र घेऊ म्हणतात. चांगली गोष्ट आहे. पूर्वी वनखात्याची माणसे बुद्धपौर्णिमेच्या रात्री पाणवठ्यावर मचाण बांधून जनावरे मोजीत, आजही अनेक ठिकाणी मोजतात. यंत्र नव्हते म्हणून पौर्णिमा निवडली. त्यांच्याइतका संयम ठेवला तर यंत्राचे पैसे वसूल होतील. त्यासाठी :

१) बसण्याची जागा गच्ची, माळा किंवा बंद गाडी हीच असावी. उसाच्या कडेला, बांधावर किंवा जमिनीवर बसू नये. खाली बसलेला माणूस जनावराला लहान सावजासारखा वाटतो. नेऱ्यात आम्ही जमिनीवर बसलो, ते आपल्याकडे करू नये.

२) एकटे बसू नये आणि गर्दीही करू नये. दोघे-तिघे पुरेत.

३) उजेड असतानाच यंत्र जुळवून घ्यावे. मात्र नळीचे यंत्र असेल तर हे काम झाकण ठेवून किंवा संधिप्रकाशातच करावे. आधी डोळ्याजवळची कडी फिरवून यंत्रातील पडदा स्पष्ट करावा, मग पुढची कडी फिरवून लांबचा खांब स्पष्ट करावा. पुष्कळ जण हे उलट करतात आणि यंत्राला नावे ठेवतात.

४) कोपर कठड्यावर टेकवावे. डावीकडून उजवीकडे सावकाश पाहावे. उसाच्या आत पाहण्याचा खटाटोप न करता कडा, बांध, चारी आणि वाटा पाहाव्यात.

५) पडद्याची चकाकी कमी ठेवावी. पाच मिनिटे पाहून डोळ्याला विसावा द्यावा. उठण्यापूर्वी यंत्र बंद करून थोडा वेळ थांबावे, मग बॅटरी लावूनच चालावे. यंत्र डोळ्याला लावून एक पाऊलही टाकू नये.

६) अवरक्त दिव्याने सेल लवकर उतरतात. जादा सेल जवळ ठेवावेत.

७) वहीत नोंद करावी : तारीख, तिथी, वेळ, जागा, जनावर, कोठून आले, कोठे गेले. ओळख पटली नसेल तर "ओळखले नाही" असेच लिहावे.

८) दिसले म्हणून पाठलाग करू नये, फटाके वाजवू नयेत, गावाला गोळा करू नये. घेरलेला बिबट्या अंगावर येतो. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात बिबट्या पहिल्या अनुसूचीत आहे. त्याला मारणे, अडकविणे, आमिष लावणे हा गंभीर गुन्हा आहे. यंत्राचा उपयोग त्यासाठी झाल्यास यंत्रासह माणूसही जातो.

दारे धरणाऱ्यांनी व तोडणीवाल्यांनी

दारे धरायला दोघांनी जावे. प्रखर बॅटरी, घुंगरू बांधलेली काठी आणि चालू मोबाईल किंवा रेडिओ एवढे सोबत असावे. बोलत, खाकरत चालावे. उसाच्या कडेला वाकून किंवा बसून राहू नये. समोर बिबट्या आलाच तर पाठ फिरवून पळू नये. ताठ उभे राहून, हात वर करून, मोठ्याने ओरडत मागे सरकावे आणि त्याला जायला वाट ठेवावी.

तोडणी मजुरांच्या कोप्या उसाला लागून उभारू देऊ नयेत. मध्ये मोकळे रान आणि रात्रभर एक दिवा ठेवावा. ती मुले परजिल्ह्यातून आलेल्या गोरगरिबांची असतात. अंधार पडल्यावर त्यांना एकटे बाहेर सोडू नये हे सांगणे आपले काम आहे. शेळ्या व कुत्री बंद गोठ्यात बांधावीत. मेलेल्या कोंबड्या वस्तीजवळ टाकू नयेत. त्यावर कुत्री जमतात आणि कुत्र्यांमागे तो येतो.

फड तोडताना एका बाजूने सुरुवात करावी, चारी बाजूंनी घेरून मध्ये ऊस ठेवू नये. पिले आढळल्यास त्यांना हात लावू नये, फोटोसाठी उचलू नये, तोड थांबवून वनखात्याला कळवावे. जुन्नर भागात अशी पिले खात्याचे लोक आणि माणिकडोहच्या बिबट निवारा केंद्राचे वैद्यक तपासून, सापडली त्याच जागी खोक्यात ठेवतात. दूर बसून कॅमेऱ्यातून पाहतात आणि रात्री मादी येऊन पिले घेऊन जाते. रात्री पाहण्याच्या साधनाचा याहून चांगला उपयोग आम्हांला ठाऊक नाही. पिले गेली की मादी पिसाटल्यासारखी त्या शिवारात फिरत राहते, आणि त्याचा त्रास पुढच्या फडातल्या माणसांना होतो.

अशी सूचना मिळाल्यास त्या फडाची तोड पुढे ढकलण्याची व्यवस्था गटकार्यालयाने करावी असे आमच्या कर्मचाऱ्यांना सांगितले आहे. ऊस दोन दिवस उशिरा गेला म्हणून कोणाचे बिघडत नाही. वनखात्याचा मदत क्रमांक १९२६ आहे. तो चिठ्ठी बॉयपासून मुकादमापर्यंत सर्वांनी पाठ ठेवावा.

ज्या सभासदांकडे रात्रीच्या नोंदी असतील त्यांनी त्या वह्या गटकार्यालयात दाखवाव्यात. कोणत्या चारीवरून जनावर नेहमी जाते हे कळले तर कोप्यांची जागा आणि तोडीचा क्रम ठरविताना त्याचा विचार करता येईल. प्रश्न विचारणाऱ्या सभासदांनी दुर्बीण घेतली नाही. त्यांनी नवी बॅटरी आणि घुंगराची काठी घेतली, आणि आता थोरला मुलगा त्यांच्यासोबत दारे धरायला जातो. मुलाने मात्र आमच्याकडे यंत्राचा पत्ता मागितला आहे, गच्चीवरून घुबडे पाहायला. त्याला आम्ही आनंदाने दिला.

आपला,
ऊस विकास अधिकारी